तेरा मुलं, एक गुरुजी आणि एका क्रियापदाची फोड

पहिलं दृश्य गाईंचं. बर्फाचं वादळ चाललंय, त्यात काही माणसं ओरडून ओरडून गुरं हाकताहेत, आणि वाऱ्यामुळे त्यांचं बोलणं धड ऐकूही येत नाही. मग एकदम शांत. शाळेची रिकामी खोली. मुलं अजून यायची आहेत, आणि जमिनीवरून दोन कासवं आपल्या चालीने निघालीत. कॅमेरा त्यांना घाई करत नाही.

माहितीपटाच्या कार्यशाळेत मी हा चित्रपट दरवर्षी दाखवतो. कासवं आली की कुणाचा तरी हात हमखास मोबाइलकडे जातो, आणि ती पडद्यावर असेपर्यंत तिथेच थांबतो. नंतर विचारलं तर त्या मुलाला कारण सांगता येत नाही. मलाही पहिल्या वर्षी आलं नव्हतं.

चित्रपटाचं नाव ‘एत्र ए आव्वार’, दिग्दर्शक निकोला फिलिबेर. २००२ साली कानच्या महोत्सवात स्पर्धेबाहेर दाखवला गेला आणि ऑगस्टअखेरीस फ्रान्समध्ये लागला. लांबी १०४ मिनिटं. एका खेड्यातल्या एकशिक्षकी शाळेतले डिसेंबर ते जून, एवढाच ऐवज. कुणाचा खून होत नाही, शाळा बंद पडत नाही, कुणी बोर्डात पहिलं येत नाही. तरी फ्रान्समध्ये सुमारे १८ लाख लोकांनी तिकीट काढून तो पाहिला. वर्षातल्या उत्कृष्ट फ्रेंच चित्रपटाला देतात ते लुई देल्युक पारितोषिक त्याला मिळालं, युरोपियन फिल्म अकादमीचं माहितीपटाचं पारितोषिक मिळालं, पुढल्या वर्षी संकलनाचा सेझार, म्हणजे फ्रान्सचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारही मिळाला.

आणि त्याच पुढल्या वर्षी चित्रपटातले गुरुजी, जॉर्ज लोपेझ, दिग्दर्शक आणि निर्मात्यांविरुद्ध कोर्टात गेले.

सुंदर माहितीपट पुष्कळ आहेत. अभ्यासाला हाच घेतो, कारण ज्या गोष्टींच्या जोरावर तो उभा राहिला, नेमक्या त्याच गोष्टींचा पुढे पाच वर्षं न्यायालयात कीस पडला. रोजच्या जगण्याची कविता करणारा माणूस ती कविता नेमकी कुठून उचलतो, हा प्रश्न एरवी आपण समीक्षेच्या लेखात घोळवतो. इथे तो न्यायाधीशांपुढे गेला.

पट तेरा

फिलिबेरना खेड्यातली अशी शाळा हवी होती जिथे खोली एक, शिक्षक एक, आणि बालवाडीपासून पाचवीपर्यंतची पोरं एकत्र. त्यांनी साधारण ३०० शाळांची चौकशी केली, शंभराहून जास्त स्वतः जाऊन पाहिल्या. डोंगराळ मुलूख हवा, हिवाळा कडक हवा. खोलीत उजेड हवा. मुलं थोडी हवीत, म्हणजे प्रत्येक चेहरा प्रेक्षकाच्या ध्यानात राहील. आपल्याकडे पट वीसच्या खाली घसरला की शिक्षकांच्या पोटात गोळा येतो, समायोजनाची यादी डोळ्यांपुढे नाचू लागते. हे गृहस्थ तसलीच शाळा हुडकत हिंडत होते.

ती सापडली मध्य फ्रान्सच्या ओव्हेर्न भागात, प्युई-द-दोम जिल्ह्यातल्या सेंत-एत्येन-स्युर-उसों या गावात. पट तेरा. सगळ्यांत धाकटं मूल चार वर्षांचं, थोरली दहा-अकराची, पुढल्या वर्षी मोठ्या शाळेत जाणारी. लोपेझ तोवर पस्तीसेक वर्षं शिकवत आलेले, त्यांतली वीस याच शाळेत. निवृत्ती जवळ आलेली. वडील आंदालुसियातून आलेले स्पॅनिश शेतमजूर. ही माहिती लोपेझ स्वतःच सांगतात, मध्येच एकदा, दिग्दर्शकाने विचारल्यावरून. अख्ख्या चित्रपटात समोर बसवून बोलतं केलंय ते तेवढंच. बाकी निवेदन नाही, तज्ज्ञ नाहीत, ‘ग्रामीण शिक्षणापुढील आव्हानं’ नाहीत.

मुलांची नावं मी इथे मुद्दाम घेत नाही. चित्रपट पाहिलेल्यांना ती पाठ आहेत, त्यांतलं एक तर फ्रान्समध्ये घरोघरी पोचलं होतं. पण ती मुलं आता तिशीच्या अलीकडे-पलीकडे आहेत. चौथ्या वर्षी रडलो कसा आणि उत्तर चुकलो कसं, हे आपल्या नावासकट जगभर फिरावं की नाही, असं त्यांना तेव्हा त्यांच्यापुरतं विचारता येण्यासारखं नव्हतं. संमती आईवडिलांनी दिली होती.

तपासणीचा पाठ

माझी आई सातारा जिल्ह्यात दोनशिक्षकी शाळेत होती. पहिली-दुसरी एका बाजूला, तिसरी-चौथी दुसऱ्या बाजूला, मध्ये ती. तपासणी असली की आदल्या दिवशी खोली सारवून घ्यायची, तक्ते नव्याने टांगायचे, आणि साहेब खुर्चीत बसले की एक ‘आदर्श पाठ’ व्हायचा. त्या पाठात आईचा आवाज वेगळा असायचा. पोरंसुद्धा तयारीची, हुशार मुलांनी उजवा हात वर करायचा, बाकीच्यांनी डावा, असा ठरलेला संकेत. साहेब खूश होऊन जायचे. त्यांनी शाळा पाहिलेलीच नसायची.

कॅमेरा वर्गात शिरला की त्याचाही साहेब होतो. निरीक्षणात्मक माहितीपट काढणाऱ्याची सगळी कसरत ही की आपला साहेब होऊ नये. यावर फिलिबेरांचा उपाय साधा आणि खर्चिक होता: मुक्काम. चार माणसांची तुकडी, डिसेंबर २००० ते जून २००१ या काळात मिळून दहा आठवडे. पहिल्याच दिवशी त्यांनी मुलांना यंत्रं उलगडून दाखवली, कॅमेऱ्यातून बघू दिलं, हेडफोन कानाला लावून दिले. लपूनछपून काही नाही. दहा आठवडे कुणी आदर्श पाठ घेऊ शकत नाही. पोरं तर दोन दिवसांत विसरतात.

साधारण ६० तासांचं चित्रण जमलं. त्यातली १०४ मिनिटं राहिली, म्हणजे पस्तीस मिनिटांतलं जेमतेम एक. संकलन फिलिबेरांनी स्वतः केलं.

आता हे एक मिनिट कसं निवडलं, तिकडे बघू. एक पोरगा, दहाएक वर्षांचा, शाळेतून घरी येतो. घर शेतकऱ्याचं. स्वयंपाकघरातल्या टेबलावर गणिताची वही उघडली जाते. आई शेजारी बसते. उत्तर जमत नाही, आईचा पारा चढतो. मग बाप येतो, तोही डोकं घालतो. मग काका. हळूहळू घरातली मोठी माणसं त्या वहीभोवती गोळा होतात, आणि ध्यानात येतं की हे गणित त्यांच्यातल्या कुणालाच धड येत नाही. पोरगा मध्ये बसलाय, आणि त्याच्या डोक्यावरून वाद चाललाय.

एखाद्याने या जागी निवेदन टाकलं असतं: पालकांचं शिक्षण, पहिल्या पिढीचे विद्यार्थी वगैरे. दुसऱ्याने पोराच्या चेहऱ्यावर झूम मारून संगीत सोडलं असतं. फिलिबेर दृश्य चालू ठेवतात, बस. आणि ते चालू ठेवल्यामुळे विनोद होतो, मग विनोदाच्या खालून माया दिसायला लागते. ही सगळी माणसं दिवसभर गुरांमागे राबून आलेली आहेत आणि आत्ता एका पोराच्या वहीसाठी उभी आहेत. हे मी लिहितोय तेव्हाच ते किती पातळ होतं बघा. पडद्यावर कुणी सांगत नाही, म्हणून टिकतं.

दुसरं उदाहरण मोजण्याचं. लोपेझ चिमुरड्याला विचारतात, किती पर्यंत मोजता येतं. मग त्याच्या पुढे? आणि त्याच्याही पुढे? शेकडा, हजार, लाख असे आकडे चढत जातात. प्रत्येक वेळी पोराला वाटतं आता संपलं, आणि प्रत्येक वेळी गुरुजी विचारतात, त्याच्या पुढे काही असेल का. अनंत हा शब्द न उच्चारता चार वर्षांच्या मुलाला अनंताच्या कडेला नेऊन उभं केलेलं मी दुसरीकडे पाहिलेलं नाही. इथे कवी कोण? प्रश्न लोपेझ यांचे. उत्तरं पोराची. तेवढा वेळ थांबून राहणं फिलिबेर यांचं. हा प्रसंग लक्षात ठेवा, पुढे कामाला येतो.

बाहेरचं जग चित्रपटात परत परत येतं: बर्फातून मुलांना गोळा करत जाणारी छोटी गाडी, वाऱ्यात हलणारी झाडं, उन्हाळ्यात उंच वाढलेला गहू. काही समीक्षक त्याला निसर्गचित्रं म्हणून मोकळे होतात. मला ती धाक घालण्यासाठी ठेवल्यासारखी वाटतात. सहलीच्या दिवशी एक बारकी मुलगी दिसेनाशी होते आणि सगळे त्या गव्हात शिरून तिला हाका मारत फिरतात. गहू मुलांपेक्षा उंच. तेव्हा पहिल्या दृश्यातलं वादळ आठवतं आणि वर्गाची ती उबदार खोली किती छोटी आहे ते कळतं. बाहेर जे आहे त्यात ही पोरं एकेक करून जायची आहेत, आणि तोवर त्यांना पाढे आले पाहिजेत.

एका प्रसंगापाशी मात्र मी दरवर्षी अडखळतो. एका मोठ्या मुलाच्या वडिलांना गंभीर आजार आहे. लोपेझ त्याच्याजवळ बसून हळू आवाजात विचारतात, मुलगा बोलता बोलता रडू लागतो. कॅमेरा तिथेच आहे. तो दूर व्हायला हवा होता का? कार्यशाळेत यावर दरवर्षी दोन तट पडतात. गुरुजींच्या स्वरात इतकं सांभाळून घेणं आहे की कॅमेऱ्याची निर्दयता झाकली जाते, असं मला वाटतं. म्हणजे ते दृश्य ‘चालतं’ ते गुरुजींच्या माणुसकीच्या भांडवलावर. हेही लक्षात ठेवा.

असणे

फ्रेंच मुलांना जी दोन क्रियापदं अगदी सुरुवातीला घोटावी लागतात ती म्हणजे ‘एत्र’ आणि ‘आव्वार’. ही दोन सहायक क्रियापदं आली की भूतकाळ चालवता येतो. म्हणून शाळेच्या चित्रपटाला हे नाव. इंग्रजीत ते सहज जातं. मराठीत फसतं, आणि फसतं त्यात गंमत आहे. ‘एत्र’ म्हणजे असणे. ‘आव्वार’ म्हणजे एखादी गोष्ट आपल्याजवळ असणे, इंग्रजीतलं ‘हॅव’; त्याला आपल्याकडे क्रियापदच नाही. मला दोन भाऊ आहेत. माझ्याकडे गाडी आहे. मला ताप आहे. त्याचं शेत आहे. सगळीकडे ‘आहे’च. मालकी सांगतानाही आपण वस्तूलाच कर्ता करतो आणि स्वतः ‘माझ्याकडे’ म्हणून बाजूला उभे राहतो. फ्रेंच माणूस भाऊ, गाडी आणि ताप तिन्ही धरून ठेवतो.

लोपेझ चित्रपटात होते. त्यांच्याकडे त्यातलं काय होतं? खटल्याचा सगळा घोळ या दोन वाक्यांच्या मध्ये आहे.

दावा

सुरुवातीला सगळं गोडीत होतं. लोपेझ कानला गेले, चित्रपटाच्या प्रसिद्धीत सामील झाले. मग चित्रपटगृहांत लोटलेली गर्दी, व्हिडिओ-डीव्हीडी, परदेशातले हक्क अशी कमाई वाढत गेली. लोपेझ यांचं म्हणणं असं की एकशिक्षकी शाळांवरचा छोटासा माहितीपट असं आपल्याला सांगितलं गेलं होतं; झालं ते वेगळंच. त्यांनी सुमारे अडीच लाख युरो मागितले. काही पालकांनीही मुलांसाठी मोबदल्याची मागणी लावून धरली.

लोपेझ यांच्या वकिलांनी बाजू अनेक अंगांनी मांडली. गुरुजींची प्रतिमा वापरली गेली. ते चित्रपटाचे सहलेखक आहेत, कारण संवाद आणि प्रसंग त्यांच्या शिकवण्यातून उगवलेत. ते पडद्यावर काम करणारे कलाकार आहेत. आणि मला सगळ्यांत रंजक वाटलेला मुद्दा: वर्गात घेतलेला पाठ ही एक मौखिक साहित्यकृती आहे, तिचा लेखक शिक्षक आहे.

हा शेवटचा मुद्दा हवेतला नव्हता. फ्रेंच कॉपीराइट कायद्यात व्याख्यानं, भाषणं, प्रवचनं आणि वकिलांचे युक्तिवाद यांना चक्क नावानिशी संरक्षण आहे. आपल्या भाषेत सांगायचं तर कीर्तनकाराचं कीर्तन त्याचं. मग गुरुजींचा पाठ गुरुजींचा का नाही?

सप्टेंबर २००४ मध्ये पॅरिसच्या न्यायालयाने दावा फेटाळला. मार्च २००६ मध्ये पॅरिसच्याच अपील न्यायालयाने फेटाळला. १३ नोव्हेंबर २००८ रोजी फ्रान्सच्या सर्वोच्च न्यायालयाने शेवटचा पडदा टाकला. प्रतिमेच्या बाबतीत निष्कर्ष असा की लोपेझ महिनोन्‌महिने कॅमेऱ्यापुढे स्वेच्छेने वावरले, प्रसिद्धीतही राहिले, त्यातच संमती आली. कलाकार म्हणावं तर त्यांनी भूमिका केली नाही, आपली नोकरी केली. सहलेखक म्हणावं तर काय टिपायचं, किती ठेवायचं, कशापुढे काय जोडायचं हे दिग्दर्शकाने ठरवलं. आणि पाठाबाबत: चित्रपटात दिसणारे धडे म्हणजे श्रुतलेखन, पाढे, गणितं, वाचन. स्वाध्यायांची किंवा उताऱ्यांची निवड अपूर्व नाही, मांडणीही खास वेगळी नाही. मौलिकता नसेल तर संरक्षण नाही.

कायद्याच्या चौकटीत हा निकाल मला बरोबर वाटतो. उलट लागला असता तर उद्या बाजारात भाजी विकणाऱ्या मावशींचं चित्रण करणाऱ्यालाही त्यांच्या हाळीचे हक्क विकत घ्यावे लागले असते, आणि असे चित्रपट फक्त पैसेवाल्या वाहिन्यांना परवडले असते. फ्रान्समधल्या माहितीपटवाल्यांची भीती हीच होती. फिलिबेरांची भूमिकाही हीच: ज्यांचं चित्रण करतो त्यांना पैसे दिले की ते नट होतात, आणि जे टिपायला आलो तेच संपतं.

पण निकाल वाचून एक कुसळ राहतं. लोपेझ हरले ते त्यांचं शिकवणं साधं होतं म्हणून. फळा, खडू, शुद्धलेखन, ‘हो’ नंतर ‘मस्यो’ म्हणायची शिस्त, ज्याला आपण ‘हो गुरुजी’ म्हणू. शंभर वर्षांपूर्वीच्या शाळेतही हेच चालत असणार. आणि चित्रपट जिंकला तो नेमक्या त्याच साधेपणावर. १८ लाख लोक त्यात आपापली शाळा बघून आले. लोपेझ यांनी एखादी नवलाची अध्यापन पद्धत काढली असती तर कदाचित कोर्टात टिकले असते, आणि फिलिबेरांनी त्यांच्या शाळेची पायरीही चढली नसती. (त्यांच्या वकिलांनी कोर्टात जे युक्तिवाद केले ते मात्र त्या कायद्यानुसार वकिलांच्या मालकीचे ठरू शकतात. हरलेले असले तरी.)

मोजण्याचा प्रसंग पुन्हा आठवा. ‘त्याच्या पुढे काही असेल का?’ हा प्रश्न जगातल्या कुठल्याही शिक्षकाचा असू शकतो. मौलिकता त्यात शून्य. तरी त्या विशिष्ट दुपारी, त्या विशिष्ट पोराला, तेवढ्या धीराने तो विचारणारा माणूस एकच होता. कायद्याला शब्द मोजता येतात, धीर मोजता येत नाही. समीक्षेने तरी वेगळं काय केलं? ‘फिलिबेर यांची काव्यात्म दृष्टी’ असं आम्ही सगळ्यांनी लिहिलं. मीसुद्धा. वाट बघणं दोघांनीही केलं होतं, एकाने फळ्यापाशी, दुसऱ्याने कॅमेऱ्यामागे, आणि श्रेयनामावलीत ‘दिग्दर्शन’ एकाच्याच नावापुढे आहे.

या प्रकरणाला एक शेपूटही आहे. वर्गात जी वाचनपद्धती दिसते तिच्या चित्रांचा चित्रकारही दाव्याला उभा राहिला, की माझी चित्रं चित्रपटात दिसतात. २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तोही फेटाळला: चित्रं पार्श्वभूमीला आहेत, विषय ती नव्हेत. रोजचं जग जसंच्या तसं टिपायचं म्हटलं की त्यातल्या प्रत्येक वस्तूला कुणीतरी धनी असतो. भिंतीवरच्या ‘क कमळाचा’लाही.

कार्यशाळेत या ठिकाणी मी मुलांना विचारतो, तुम्ही फिलिबेरांच्या जागी असता तर काय केलं असतं? बहुतेक जण पहिल्या झटक्यात म्हणतात, मानधन द्यायचं. मी म्हणतो, देऊन बघा. पाच हजार रुपये हातावर ठेवून माणसाला ‘तुम्ही नेहमीसारखंच वागा’ सांगा. नाशिकजवळच्या एका कुंभारावर काम करताना आमच्या एका गटाने तसं केलं होतं. दुसऱ्या दिवशी कुंभार नवा सदरा घालून चाकाशी बसला आणि दर दहा मिनिटांनी विचारायला लागला, ‘साहेब, आता काय करू?’ तपासणी सुरू झाली होती.

मग नफ्यातला वाटा? आधी दिलेले पैसे मजुरी होतात. चित्रपट चालल्यावर दिलेला वाटा मजुरी नसतो, कारण तो मिळणार की नाही हे चित्रीकरणाच्या वेळी कुणालाच ठाऊक नसतं, म्हणून तो कुणाचं वागणं बिघडवत नाही. माझं मत असं की ही गोष्ट पहिल्या दिवशी, हेडफोन मुलांच्या कानाला लावून देतो त्याच दिवशी, कागदावर यायला हवी: चित्रपटाने खर्च भरून काढला, तर त्यापुढच्या रकमेतला इतका हिस्सा शाळेचा, गावाचा. व्यक्तीचा ठेवला तर भांडण लागतं. कुणी किती मिनिटं दिसलं याचा हिशेब सुरू होतो. अर्थात हे बोलायला सोपं आहे. शाळेवरच्या माहितीपटाला लाखांत प्रेक्षक मिळतील हे त्या हिवाळ्यात कुणाला खरं वाटलं असतं? आमच्या गटातल्या एका मुलीने यावर बिनतोड उत्तर दिलं: ‘सर, लॉटरीचं तिकीट काढतानाच मागे नाव लिहायचं असतं.’

नंतर

खटला चालू असतानाच फिलिबेरांनी पुढचा चित्रपट केला, ‘रतूर आं नोर्मांदी’, म्हणजे नॉर्मंडीला परत. तो २००७ मध्ये आला. पंचविशीच्या आत असताना ते रने आलिओ या दिग्दर्शकाकडे सहायक होते. नॉर्मंडीत १८३५ साली घडलेल्या एका हत्याकांडावर आलिओ चित्रपट करत होते, आणि शेतकऱ्यांच्या भूमिका त्याच भागातल्या खऱ्या शेतकऱ्यांनी कराव्यात असं ठरलं होतं. ती माणसं गावोगाव हिंडून शोधण्याचं काम फिलिबेरांकडे होतं. तीस वर्षांनी ते त्यांच्याकडे परत गेले: काय करता, कसे आहात, तो उन्हाळा आठवतो का. कुणी डुकरं पाळतंय, कुणी म्हातारं झालंय. कॅमेऱ्यासमोर एकदा उभं राहिलेल्या साध्या माणसांचं पुढे काय होतं, हा प्रश्न घेऊन एक दिग्दर्शक दारोदार जातोय, आणि त्याच वेळी पॅरिसमध्ये त्याच प्रश्नाची तारीख पडतेय. खटल्याचा उल्लेख करायची त्यांना गरजच नव्हती.

त्यानंतरच्या, २०१० च्या चित्रपटाची नायिका म्हणजे पॅरिसच्या प्राणिसंग्रहालयातली चाळिशीची ओरांगउटान. पडद्यावर फक्त ती आणि तिचे सोबती. काचेबाहेरची माणसं नुसती ऐकू येतात. ती दावा लावणार नव्हती, असा पाचकळ विनोद मी करतो आणि पोरं हसतात. पुढे रेडिओ केंद्र, परिचारिकांचं शिक्षण, आणि पॅरिसमध्ये सीन नदीवर तरंगणारं मनोरुग्णांचं दिवसाचं केंद्र. या केंद्रावरच्या चित्रपटाला २०२३ मध्ये बर्लिन महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, सुवर्ण अस्वल, मिळालं. पद्धत तीच: थोडी माणसं, लांब मुक्काम, अंगावर न येणारा कॅमेरा.

मला मात्र नॉर्मंडीचाच शेवट आठवत राहतो. आलिओंच्या त्या जुन्या चित्रपटात फिलिबेरांच्या वडिलांनीही एक छोटी भूमिका केली होती. वडील तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक, म्हणजे तेही मास्तरच. त्यांचं दृश्य संकलनात कापलं गेलं. तीस वर्षांनी मुलाने डबे उघडून ते कापलेले तुकडे शोधले. चित्र सापडलं, आवाज नाही. चित्रपट तिथे संपतो: वडील पडद्यावर आहेत, ओठ हलताहेत, काहीतरी सांगताहेत, आणि ऐकू काहीच येत नाही.